जांभईचे दोन सेकंद

नीना पावलोव्हना कापायच्या क्षणी डोळे मिटत. पडद्यावर नवरी सासूच्या पायाशी वाकलेली असे, डावा हात एडिटिंग मशीनच्या चकतीवर, उजव्या हाताचं बोट बटणावर आणि डोळे गच्च बंद. मग नाकातून एक हलका श्वास सुटे, बोट खाली जाई आणि त्या म्हणत, "खलास." मी पहिल्या दिवशी हे पाहिलं तेव्हा वाटलं, म्हाताऱ्या बाईंना चक्कर आली. पण कट अचूक बसला होता. एक क्षण आधी कापला असता तर नवरी अर्धवट वाकलेली राहिली असती, एक क्षण नंतर कापला असता तर सासूने पदर सावरताना कुणाकडे तरी टाकलेला वाकडा कटाक्ष दिसला असता.

"डोळे हावरट असतात," त्या म्हणाल्या. "त्यांना सगळंच ठेवावंसं वाटतं. कुठे थांबायचं ते श्वासाला कळतं."

दुसरी सवय पांढऱ्या सुती हातमोज्यांची. पूर्वी ताश्कंदच्या स्टुडिओत फिल्मवर बोटांचे ठसे उमटू नयेत म्हणून त्या हातमोजे घालत. दुबईच्या करामा भागातल्या आमच्या स्टुडिओत फिल्म नव्हती, प्लॅस्टिकच्या डबीत बंद असलेल्या लग्नांच्या व्हिडिओ कॅसेटी होत्या. तरी हातमोजे घातल्याशिवाय त्या खुर्चीत बसत नसत. आमचे मालक प्रधानकाका मूळचे गिरगावातले, त्यांना गप्प बसवत नसे. "बाई, मोजे काढा हो. ग्राहकाला वाटतं इथे ऑपरेशन चाललंय." नीना पावलोव्हना मान न वळवता म्हणत, "चाललंच आहे, हबीबी."

त्यांची इंग्रजी मोडकी होती, हिंदी दुबईतल्याच देरा बाजारात शिकलेली आणि दोन्हीत मिळून जेवढं मावत नसे तेवढ्यासाठी रशियन. अरबी दोनच शब्दांची, लाडाचं 'हबीबी' आणि घाईचं 'यल्ला', म्हणजे चला. मी ते सगळं माझ्या मराठीत लिहितो आहे. माणसांची नावं त्यांच्या लक्षात राहत नसत, गावं राहत. प्रधानकाका त्यांच्यासाठी 'मुंबई', खालच्या हॉटेलातला चहावाला 'त्रिचूर' आणि मी 'सोलापूर'. "सोलापूर, कॅसेट लाव." "सोलापूर, आज तू रागात आहेस, खुर्ची कमी आपट."

मी नेहमीच रागात असे. सत्त्याण्णव साली काकांच्या स्टुडिओत मदतनीस म्हणून दुबईत आलो तेव्हा माझं वय बावीस होतं. घरात गाद्यांखाली पत्रकं, माळ्यावर पत्रकं, असा मी वाढलो. वडील सोलापुरात विडी कामगारांच्या संघटनेचं काम करायचे आणि पुढच्या खोलीत पायाने चालवायचं छपाईयंत्र होतं. शाई वाळेपर्यंत पत्रकं दोरीवर टांगायची, हे माझं शाळेआधीचं काम. रशियाहून येणारी गुळगुळीत कागदाची मासिकं आम्ही वह्यांना कव्हर म्हणून घालायचो. माझ्या भूगोलाच्या वहीवर एक हसणारी ट्रॅक्टरवाली होती. तो देश मी दहावीत असताना बुडाला आणि वडिलांनी दोन दिवस छपाईयंत्राला पाय लावला नव्हता.

त्यामुळे प्रधानकाका जेव्हा म्हणाले, "ही बाई तिकडे सरकारी सिनेमात संकलक होती, तीस वर्षं," तेव्हा मी उठून उभा राहिलो आणि म्हणालो, "कॉम्रेड!"

नीना पावलोव्हनांनी मागे वळून पाहिलं, आणखी कुणी आलंय का. मग माझ्याकडे पाहून म्हणाल्या, "मला जो जो कॉम्रेड म्हणाला, त्याला माझ्याकडून काहीतरी कापून हवं होतं. तुला काय हवंय?"

अठराव्या वर्षी त्या ताश्कंदच्या सरकारी वार्तापट स्टुडिओत लागल्या. सुरुवातीला काम एकच, फिल्मचे तुकडे चिकटवणं. लांब खोलीत पंधरा-वीस बाया ओळीने बसत. दिग्दर्शक पुरुष, साहेब पुरुष, कापणाऱ्या सगळ्या बाया. "कारण पुरुषांना वाटायचं हे शिवणकाम आहे." तुकडे डोक्यावरच्या तारेला टांगलेले असत, खाली कापडाची झोळी. खिडकीतून ऊन आलं की त्या तुकड्यांतून रंग नव्हे, राखाडी उजेड खोलीभर हलायचा. त्या उजेडात त्यांनी धरणं कापली, कापसाची शेतं कापली, परेड कापल्या. "आणि टाळ्या," त्या म्हणत. "सगळ्यांत जास्त मी टाळ्या कापल्या. टाळी ऐकून सांगते, वाजवणारा जेवलाय की नाही."

देश गेला, स्टुडिओचं फर्निचरचं गोदाम झालं. भाची दुबईला माल न्यायला यायची, तिच्यासोबत त्या आल्या आणि देऱ्यातल्या एका टीव्हीच्या दुकानात रशियन गिऱ्हाइकांसाठी दुभाषी म्हणून राहिल्या. प्रधानकाका तिथे कोऱ्या कॅसेटी घ्यायला गेले असताना दुकानातल्या बारा टीव्हींवर एकच कुठला तरी कार्यक्रम चालू होता आणि ही बाई प्रत्येक कटला कपाळावर हात मारत होती. काकांनी तिथल्या तिथे नोकरी देऊ केली. काका धंद्यात चतुर होते. पण मला वाटतं त्या दिवशी ते चतुराईने वागले नाहीत, नुसते चकित झाले.

दुपारी एक ते चार स्टुडिओ बंद असे. बाहेर करामा उन्हात पांढरा पडलेला, एसीचं पाणी टपटपत खालच्या डब्यात. त्या वेळी नीना पावलोव्हना लग्नाच्या कॅसेटी उलट्या चालवून बघत बसत. कामासाठी नव्हे. अक्षता जमिनीवरून उठून लोकांच्या मुठीत परत जात, नवरीच्या गालावरचं पाणी डोळ्यांत शिरे, हार गळ्यांतून निघून हातांत येत आणि दोन माणसं पाठमोरी न होताच एकमेकांपासून लांब जात, अनोळखी होईपर्यंत. मीही बघत बसायचो. कधी डोळा लागायचा आणि जाग आल्यावर कळायचं नाही, सरळ चाललंय की उलटं. "सगळे आपापल्या घरी पोचले," त्या शेवटी म्हणत आणि मशीन बंद करत.

त्यांची एक चूक आमच्याकडे फार गाजली. बर दुबई भागातल्या एका मराठी घरच्या लग्नाची कॅसेट त्यांनी एकटीने केली. दुसऱ्या दिवशी नवरीची आई जिना चढून आली ती ओरडतच. "प्रधान, आमचा अंतरपाट कुठंय? मंगलाष्टकं कुठायत? माझ्या मावशीने तीन कडवी म्हटली होती!"

प्रधानकाकांनी कॅसेट लावली. भटजी, नवरा, नवरी आणि थेट हार.

"सात मिनिटं तोंडांसमोर फडकं," नीना पावलोव्हना शांतपणे म्हणाल्या. "मला वाटलं कॅमेरामन प्यालाय."

नवरीची आई खुर्चीत बसली ती हसावं की रडावं हे न कळून. मग मी त्यांना समजावलं, फडकं मुद्दाम असतं, दोघांनी एकमेकांना बघायचं नसतं आणि सगळ्यांना ते दोघं दिसत असतात. नीना पावलोव्हनांनी हातमोजे पुन्हा चढवले. "मूळ कॅसेट द्या." दिवसभर बसून त्यांनी ती सात मिनिटं परत बांधली. कापड धरणाऱ्या मामांची थकलेली मनगटं, कापडाखालून दिसणारी चार पावलं, त्यांतल्या एका पावलाचा अंगठा सारखा हलतोय. पाठीमागे मावशीची तीन कडवी. कापड खाली येतं. चेहरा फक्त एका क्षणापुरता आणि "खलास". नवरीची आई ते बघून जी रडायला लागली ती त्रिचूरने दोन चहा आणून दिले तरी थांबेना.

आता मी केलेल्या कामाबद्दल.

शुक्रवारी सुट्टीच्या दिवशी मी स्टुडिओचा कॅमेरा काकांना विचारून नेत असे. शहराबाहेरच्या एका कामगार वस्तीत आमच्या भागातली काही माणसं राहत होती. एका खोलीत बाराजण, दोन-तीन मजली लोखंडी खाटा. मी त्यांच्यावर माहितीपट करायला घेतला होता. तो सोलापूरला पाठवायचा आणि वडिलांच्या संघटनेच्या मेळाव्यात दाखवायचा, हे पक्कं होतं. या शहरातला प्रत्येक मनोरा कुणाच्या पाठीवर उभा आहे हे माझ्या लोकांना कळलं पाहिजे, असं मला वाटत होतं. आजही वाटतं.

त्यात एक होते यशवंतमामा. सांगोल्याकडचे, चाळिशी ओलांडलेले, सळई बांधायचं काम. मला पाहिलं की म्हणत, "आलं का पावनं? आन् डबडं बी आलंय!" डबडं म्हणजे कॅमेरा. त्यांना मी एका शुक्रवारी खाटेवर बसवून दीड तास बोलतं केलं. आधी ते चेष्टा करत होते. मग उन्हातल्या चौदाव्या मजल्याबद्दल बोलू लागले, तापलेली सळई, बुटात साचणारा घाम. मी म्हणत राहिलो, "बोला मामा, तुमच्या तोंडून जाऊ द्या." आणि ते बोलता बोलता रडले. तोंड वेडंवाकडं करून, लहान मुलासारखे, कॅमेऱ्याकडे बघत. चाळीस सेकंद. माझ्या अंगावर काटा आला आणि, खरं लिहायचं तर, आनंदही झाला. शॉट मिळाला होता.

मी तो नीना पावलोव्हनांना दाखवला. सुरुवात या चेहऱ्याने, म्हणालो, शेवटही याच चेहऱ्याने. खाली नाव, गाव.

त्यांनी तो तीनदा पाहिला. मग विचारलं, "हा हो म्हणालाय?"

"म्हणजे काय! समोरच तर बसलेत."

"तुला हो म्हणालाय की कॅमेऱ्याला? रिकाम्या हातांनी जा आणि परत विचार."

माझं डोकं फिरलं. मी जे बोललो ते मला आठवतं आणि लाज वाटते. म्हणालो, "तुम्ही घाबरट आहात. तीस वर्षं सरकारच्या मर्जीने कापत आलात, आता सवय सुटत नाही. आमच्याकडे माणूस नावानिशी उभा राहतो."

नीना पावलोव्हनांनी हातमोजे काढले, एकावर एक ठेवले. इलेक्ट्रिक किटलीत पाणी ठेवलं. चहात चमचाभर जॅम घालून कप माझ्यापुढे सरकवला आणि बोलू लागल्या, तेही माझ्याकडे नव्हे, बंद पडद्याकडे बघत.

कापसाच्या एका शेतावर समारंभ होता. व्यासपीठावर मोठा पाहुणा, लांब भाषण. सगळं रीळ मेलेलं होतं, त्या म्हणाल्या, लाकडासारखं. एकाच ठिकाणी जीव होता. तिसऱ्या रांगेत शेतावरचा कारकून बसला होता, त्याला जांभई आली. मोठी, पूर्ण, डोळ्यांतून पाणी काढणारी जांभई. जांभई संपल्यावर तो इतका गोड लाजला की त्यांनी ते दोन सेकंद ठेवून दिले. तपासणीत कुणाच्या लक्षात आलं नाही. चित्रपटगृहात मात्र लोक हसले. त्यांनी मागच्या रांगेत बसून ते हसू ऐकलं आणि त्यांना वाटलं, आज मी संकलक झाले.

"माझ्या आयुष्यातला सगळ्यांत चांगला कट," त्या म्हणाल्या.

महिन्याभरात त्या कारकुनाची बायको स्टुडिओच्या फाटकाशी आली. दोन खरबुजं घेऊन. नवऱ्याची नोकरी गेली होती, घर शेताचं होतं तेही. कुणीतरी त्या बाईला सांगितलं होतं, आत एक कात्रीवाली आहे, तिच्या हातात सगळं आहे. ती म्हणाली, "ताई, तेवढं कापून टाका, म्हणजे त्याने ते केलंच नाही असं होईल."

"आणि?"

"प्रती सगळ्या जिल्ह्यांत गेल्या होत्या. मला कुणी काही बोललं नाही, सोलापूर. माझं नाव होतं त्या फिल्मवर, ठळक. पण जांभई त्याची होती." मग त्या म्हणाल्या, "खरबुजं ती फाटकाशी ठेवून गेली. आम्ही ती खाल्ली. वीस बायका होतो."

मी वाद घातला. म्हणालो, असं एखाद्या ठिकाणी झालं असेल, म्हणून सगळं खोटं ठरत नाही. त्या म्हणाल्या, "मी सगळ्याचं बोलतच नाहीये. मी जांभईचं बोलतेय."

पुढच्या शुक्रवारी मी कॅमेरा न घेता गेलो. यशवंतमामा नळावर कपडे धूत होते. "डबडं कुटं हाय?" त्यांनी विचारलं. मी सांगितलं, कॅसेट सोलापूरला जाणार, मेळाव्यात लागणार, तुमचा चेहरा दिसेल, ठेवू ना?

त्यांनी पिळलेला शर्ट तसाच हातात धरला. "सोलापूरला? मला वाटलं हितंच कुटंतरी दावायचंय, साह्यबाला." मग हळू आवाजात, आसपास बघून म्हणाले, "पावनं, मेव्हणा सोलापुरात हाय माजा. बायकुला म्या सांगितलंया, ष्टोअरकीपर हाय, एशीत बसून वही लिवतो. सा वर्सं झाली. तिनं ह्ये बगितलं तर ती जेवायची न्हाई, ओ."

मामा कंपनीचा धाक सांगतील असं धरून मी उत्तरं तयार ठेवली होती. एकता, हक्क, कायदा, सगळं.

"मग त्या दिवशी का बोललात मामा?"

"तू इचारलंस," ते म्हणाले. "सा वर्सांत कुणी इचारलं व्हतं?"

स्टुडिओत परत येऊन मी नीना पावलोव्हनांना म्हणालो, कापा. त्या खुर्चीतून उठल्या. "ज्याने घेतलं त्याने कापायचं. बस." ते चाळीस सेकंद मी माझ्या हाताने वगळले. नंतर बाकीच्यांनाही एकेक करून विचारलं आणि आणखी पाच चेहरे गेले. माझा माहितीपट संपला असंच मला वाटलं.

मग महिनाभर, दुपारच्या त्या पांढऱ्या वेळात, नीना पावलोव्हनांनी मला उरलेल्यातून बघायला शिकवलं. रोज आधी मूळ कॅसेटी पूर्ण लावत, यशवंतमामांचीही. बसच्या काचेला टेकलेली डोकी मागून. वाळत घातलेले एकाच रंगाचे चाळीस शर्ट, वारा आला की सगळे मिळून एकाच बाजूला वळणारे. पत्र लिहिताना ओळीच्या शेवटी अडलेलं पेन. सळईने सोललेले तळवे पिठात बुडतात आणि भाकरी थापू लागतात. मी शॉट छोटे करायला जाई, घोषणेसारखे, ठण ठण ठण. त्या माझा हात धरत. "थांब. तुझा राग पोचलाय. आता त्यांचा पोचू दे, तो सावकाश येतो." बावीस मिनिटांची फिल्म झाली, तिच्यात एकही चेहरा नव्हता. सोलापुरात ती लागली. वडिलांचं पत्र आलं. चेहरे का नाहीत म्हणून तक्रार होती आणि खाली एक ओळ, 'पण चालू असताना कुणी विडी पेटवली नाही.'

यामुळे कुणाची सुटका झाली, असं मी म्हणणार नाही. कंपनी तिथेच आहे. माणसाला चेहरा लपवून बोलावं लागतं हीच त्या जगाविरुद्धची फिर्याद आहे, हे मी त्यांच्याशीही भांडून सांगितलं. "असेल," त्या म्हणाल्या. "पण फिर्याद तुझी, चेहरा त्याचा."

दोन हजार एकच्या हिवाळ्यात गुडघ्यांनी हार मानली आणि नीना पावलोव्हना भाचीकडे, रशियातल्या व्होरोनेझला, गेल्या. मागच्या वर्षी भाचीचं चार ओळींचं पत्र आलं. झोपेत गेल्या, त्रास झाला नाही. प्रधानकाकांनी त्या दिवशी स्टुडिओ उघडला, दिवे लावले आणि कुणाचंही काम घेतलं नाही.

पण मला सांगायची आहे ती त्यांची दुबईतली शेवटची शुक्रवारची दुपार. त्यांनी आवराआवर करताना कपाटातून यशवंतमामांची मूळ कॅसेट काढली. "ही द्यायची राहिलीय."

मी म्हणालो, "ही द्यायची नाही. हा पुरावा आहे. एकच प्रत आहे." ज्या घरात कागदाचा कपटाही फेकत नाहीत त्या घरातला मी.

"म्हणूनच," त्या म्हणाल्या. "एकच आहे तोवर परत देता येते."

टॅक्सी करून आम्ही वस्तीवर गेलो. फुलाफुलांच्या झग्यातली गोरी म्हातारी बाई फाटकातून आत आली तेव्हा पत्ते खेळणारी माणसं उभीच राहिली. कुणीतरी खुर्ची आणली, कुणीतरी ती पुसली. यशवंतमामा बनियनवर शर्ट चढवत आले. नीना पावलोव्हनांनी दोन्ही हातांनी कॅसेट पुढे केली.

मामांनी ती उलटीपालटी करून पाहिली. "ह्यात म्या रडतोय न्हवं?"

"हो."

"बाईंनी बगितलं?"

"हो."

"किती बारी?"

मी नीना पावलोव्हनांना हिंदीत विचारलं. त्या म्हणाल्या, "महिनाभर. रोज."

मामा एकदम मागे वळून ओरडले, "आरं, च्या टाका की! वळखीचं मानूस आलंय!" चहा आला, स्टीलच्या पेल्यात, खूप गोड. नीना पावलोव्हनांनी तो फुंकर घालत सगळा प्याला. निघताना मामांनी कॅसेट टॉवेलात गुंडाळली आणि काखेत धरली. "टाकून देत न्हाई," ते मला म्हणाले. "आदी तोंडानं सांगीन म्हनतो तिला. या सुट्टीला जमलं तर. मग दावीन."

परतताना टॅक्सीत नीना पावलोव्हनांनी विचारलं, "काय म्हणाला तो शेवटी?" मी सांगितलं. रस्ता सरळ होता, दोन्ही बाजूंना वाळू, लांबवर मनोरे धुरकट, पाण्यात बुडाल्यासारखे. त्या तिकडे बघत होत्या.

"तिचं नाव काय?" त्यांनी विचारलं.

"कुणाचं?"

"बायकोचं."

मी आठवू लागलो. दीड तासाची मुलाखत होती. सळईचं माप विचारलं होतं, मजला विचारला होता, पाळी किती तासांची ते विचारलं होतं.

"माहीत नाही," मी म्हणालो. "मी विचारलंच नाही."

नीना पावलोव्हनांनी माझ्याकडे पाहिलं, रागाने नव्हे. मग पुढे वाकून पठाण ड्रायव्हरच्या खांद्यावर हलकेच थोपटलं.

"भाई, वापस," त्या म्हणाल्या. "यल्ला."